बंदी पत्त्यावर, वाद नात्यावर : ‘सविता भाभी’ प्रकरण, २००९

जून २००९ मध्ये भारत सरकारने एका कॉमिक्सचं संकेतस्थळ देशात उघडणार नाही अशी व्यवस्था केली. ‘सविता भाभी’ हे त्या कॉमिक्सचं नाव. २००८ साली ते सुरू झालं, फुकट वाचायला मिळायचं आणि बघता बघता अनेक भारतीय भाषांत पोचलं. मध्यमवर्गीय घर, कामात बुडालेला नवरा अशोक, साडी नेसणारी, कुंकू-मंगळसूत्र वापरणारी बायको आणि तिचे विवाहबाह्य संबंध एवढंच त्याचं सूत्र. चित्रं उघड लैंगिक होती आणि प्रौढांसाठीच काढलेली होती.

प्रश्न असा, की त्याच दिवशी त्याच संगणकावर परदेशी अश्लील चित्रफितींची असंख्य संकेतस्थळं बिनदिक्कत उघडत होती. त्यांत खरी माणसं होती. काही ठिकाणी त्यांच्यावर बळजबरी झालेली असण्याची शक्यता होती. इथे तर सगळी कागदावरची माणसं. तरीही कात्री पडली ती या चित्रांवर. या प्रकरणाचे कागद, तंत्र आणि कायदा बाजूबाजूला ठेवले की आमचं मत एकच बनतं : नग्नता हे कारण पुरेसं नव्हतं. ‘भाभी’ हे नातं आणि तिच्या गळ्यातलं मंगळसूत्र हे खरं कारण होतं. आणि ज्या घराच्या नावाने बंदी आली, त्या घराला तिचा काही उपयोग झाला नाही.

बंदीचा प्रवास

तेव्हा संकेतस्थळ बंद करण्यासाठी माहिती तंत्रज्ञान कायद्याचं आजचं कलम ६९अ लागू झालेलं नव्हतं. २७ फेब्रुवारी २००३ ची एक अधिसूचना होती. तिच्यानुसार तक्रार थेट कुणाही नागरिकाने करायची नव्हती. केंद्रीय आणि राज्यांचे गृहसचिव, पोलीस महासंचालक, तपास यंत्रणा, मानवाधिकार आणि महिला आयोगांचे अध्यक्ष, न्यायालयं अशी एक ठरलेली यादी होती. त्यांच्यापैकी कुणी तरी लिहायचं, ‘सर्ट-इन’ या सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेने तपासायचं, सर्ट-इनने दूरसंचार विभागाला सांगायचं आणि दूरसंचार विभागाने इंटरनेट सेवा पुरवणाऱ्या कंपन्यांना आदेश पाठवायचा. या साखळीत चित्रकाराला किंवा प्रकाशकाला नोटीस देण्याची पायरीच नव्हती. ‘सविता भाभी’च्या बाबतीतही आधी म्हणणं ऐकून घेतलं गेलं नाही, आणि कारणं नोंदवलेला आदेश लोकांसमोर आला नाही. वाचकांना एके दिवशी पान उघडेनासं झालं, इतकंच कळलं.

निर्माता तोवर ‘देशमुख’ या टोपणनावाने वावरत होता. नाव मराठी असलं तरी माणूस ब्रिटनमध्ये राहणारा, भारतीय वंशाचा व्यावसायिक होता. बंदीविरुद्ध मोहीम उभी राहिली तेव्हा लढायचं तर चेहरा दाखवायला हवा, म्हणून तो नावानिशी पुढे आला. त्यानंतर फार दिवस गेले नाहीत. घरच्यांच्या दबावामुळे आपण हे काम थांबवत आहोत, असं त्याने जाहीर केलं.

हा क्षण या प्रकरणाचा गाभा आहे आणि तो बहुतेक चर्चांत निसटतो. सरकारने पत्ता अडवला होता, तेवढ्याने काम थांबलं नव्हतं. लेखणी खाली ठेवायला लावली ती घराने, तीही परदेशातल्या घराने, जिथे भारत सरकारचा आदेश लागूच नव्हता. पुढे ते कॉमिक्स पैसे भरून वाचायच्या दुसऱ्या संकेतस्थळावर परतलं आणि २०१३ मध्ये त्यावर इंटरनेटवरच एक ॲनिमेशनपटही आला. म्हणजे फुकटची गोष्ट विकतची झाली. बंदीचा हिशेबात मांडता येईल असा हाच एक परिणाम.

पान अडवतात कसं, आणि गळती कुठे होते

सेवा पुरवठादाराकडे तीन हत्यारं असतात. पहिलं डीएनएसचं. आपण संकेतस्थळाचं नाव टाइप करतो, कंपनीचा डीएनएस सर्व्हर त्या नावाचा अंकी पत्ता शोधून देतो. बंदी आली की तो सर्व्हर खोटा पत्ता देतो किंवा उत्तरच देत नाही. हे सगळ्यांत स्वस्त, म्हणून सगळ्यांत जास्त वापरलं जातं. पण वाचकाने संगणकाच्या सेटिंगमध्ये दुसऱ्याच कुणाचा डीएनएस भरला की अडसर संपला. डिसेंबर २००९ मध्ये गूगलने ८.८.८.८ हा सार्वजनिक डीएनएस खुला केल्यावर तर हे पाच मिनिटांचं काम झालं.

दुसरं हत्यार अंकी पत्ताच अडवण्याचं. इथे गफलत अशी, की एकाच सर्व्हरवर शेकडो संकेतस्थळं भाड्याने राहतात. एकाचा पत्ता अडवला की शेजारचे निरपराधही बुडतात. तिसरं, येणाऱ्या-जाणाऱ्या माहितीत डोकावून नेमकं पान अडवणं. यासाठी महाग यंत्रणा लागते. शिवाय पान कूटबद्ध जोडणीवर, म्हणजे ‘एचटीटीपीएस’वर असेल तर कंपनीला फार तर संकेतस्थळाचं नाव दिसतं, आतलं पान दिसत नाही.

नेमकेपणा सुटला की काय होतं, हे ‘सविता भाभी’च्या आधी दोनदा दिसलं होतं. सप्टेंबर २००३ मध्ये मेघालयाशी संबंधित एका छोट्या याहू गटावर, म्हणजे याहूच्या संकेतस्थळावरच्या चर्चागटावर, बंदीचा आदेश निघाला. कंपन्यांना तो एकच गट अडवता येईना, म्हणून देशभरात सगळेच याहू गट बंद पडले. जुलै २००६ मध्ये मोजक्या पानांसाठी आदेश गेला आणि लाखो ब्लॉग असलेलं आख्खं ब्लॉगस्पॉट बंद झालं. ‘सविता भाभी’चं स्वतंत्र नाव असल्यामुळे असा फटका इतरांना बसला नाही. मात्र स्वतंत्र नाव ही काही शे रुपयांत मिळणारी वस्तू आहे. जुनं अडवलं तर नवं घ्यायचं, चित्रं तिथे चढवायची. चित्रमालिकेच्या बाबतीत तर हे आणखी सोपं, कारण एक भाग म्हणजे काही पानांची छोटीशी पीडीएफ. पेनड्राइव्ह, ब्लूटूथ, ईमेल, कशावरही ती सरकते. चित्रफितीपेक्षा कॉमिक्स अडवणं तांत्रिकदृष्ट्या अवघड आहे, ही गोष्ट आदेश काढणाऱ्यांच्या हिशेबात दिसत नाही.

कायद्याची फूटपट्टी

आधी एक गैरसमज बाजूला करू. कॉमिक्सला ‘सेन्सॉर बोर्ड’ नाही. १९५२ च्या कायद्याखालचं चित्रपट प्रमाणन मंडळ फक्त चित्रपटांसाठी आहे. छापील किंवा इंटरनेटवरच्या चित्रमालिकेला आधी परवानगी घ्यावी लागत नाही. प्रश्न येतो तो प्रकाशनानंतर, फौजदारी कायद्याच्या रूपाने. कॉमिक्सचा विचार करून केलेला एक जुना कायदा आपल्याकडे आहे, १९५६ चा, अल्पवयीनांना घातक प्रकाशनांविरुद्धचा. परदेशी भयकथांच्या चित्रपुस्तिकांची तेव्हा धास्ती होती. म्हणून त्यात ‘चित्रांतून सांगितलेल्या गोष्टी’ असा स्पष्ट उल्लेख आहे, पण रोख गुन्हे, हिंसा, क्रौर्य आणि किळसवाण्या प्रसंगांवर आहे.

अश्लीलतेचं मूळ कलम भारतीय दंड संहितेचं २९२. त्याची जागा आता १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम २९४ ने घेतली आहे. ते मोजायची फूटपट्टी वेळोवेळी बदलली, आणि मराठी वाचकाला अभिमान वाटावा अशी गोष्ट म्हणजे ती बदलण्यात मराठी मजकुराचा वाटा मोठा आहे.

१९६४ साली रणजित उदेशी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने इंग्लंडमधली १८६८ ची कसोटी उचलून धरली. मुंबईतल्या पुस्तकविक्रेत्याला शिक्षा कायम झाली. ही कसोटी सर्वांत कच्च्या मनाच्या वाचकावर काय परिणाम होईल ते पाहायची. पण त्याच सुमारास पुण्यात दुसरा खटला चालू होता. ‘रंभा’ मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकातल्या चंद्रकांत काकोडकरांच्या ‘श्यामा’ या कथेविरुद्ध पुण्याच्या दंडाधिकाऱ्यांपुढे फिर्याद झाली. फिर्यादीत त्याच अंकातली व्यंगचित्रंही अश्लील म्हणून धरली होती. दंडाधिकाऱ्यांनी सगळ्यांना सोडलं. उच्च न्यायालयाने व्यंगचित्रं निर्दोष ठरवली, कथेसाठी मात्र लेखक आणि मुद्रक-प्रकाशक यांना पंचवीस पंचवीस रुपये दंड केला आणि त्यांच्याकडच्या प्रती नष्ट करायला सांगितलं. १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा दंडही रद्द केला. समाजाची मापं झपाट्याने बदलत आहेत, पाव शतकापूर्वी जे नीतीला धक्का देणारं वाटलं असतं ते आज सहज स्वीकारलं जातं, आणि एखाद्या हळव्या वाचकाचा विचार न करता वाचकांच्या एका वर्गाचा विचार करायला हवा, असा त्या निकालाचा आशय आहे. पंचवीस रुपयांसाठी सात वर्षं लढलेल्या या खटल्यामुळे पुढच्या लेखकांना केवढी मोकळी जागा मिळाली, हे मराठी साहित्याच्या इतिहासात यापेक्षा मोठ्या अक्षरांत लिहायला हवं होतं.

त्याही मागे गेलं तर र. धों. कर्वे आहेत. त्यांच्या ‘समाजस्वास्थ्य’ मासिकावर अश्लीलतेचे खटले भरले गेले आणि १९३४ च्या खटल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांचे वकील म्हणून उभे राहिले. तो खटला कर्वे हरले. मुद्दा मात्र उरला : लैंगिक विषयावर लिहिणं म्हणजे अश्लील लिहिणं नव्हे.

फेब्रुवारी २०१४ मध्ये अविक सरकार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १८६८ ची कसोटी शेवटी सोडून दिली. आता समकालीन समाजाच्या मापाने, आख्ख्या मजकुराच्या संदर्भात पाहायचं असतं.

मग नव्या मापाने ‘सविता भाभी’ सुटलं असतं का? प्रामाणिक उत्तर : बहुधा नाही. उद्दीपन हाच ज्याचा उघड हेतू, त्याला कला किंवा साहित्याच्या अपवादाखाली बसवणं कुठल्याही वकिलाला जड जाईल. शिवाय इंटरनेटवरच्या मजकुराला २००० चा माहिती तंत्रज्ञान कायदा लागतो, आणि तो लागला की २९२ चालत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये स्पष्ट केलं. कलम ६७ खाली पहिल्या गुन्ह्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि पाच लाखांपर्यंत दंड. उघड लैंगिक कृती असेल तर ६७अ, पाच वर्षं आणि दहा लाख. फरक फक्त आकड्यांचा नाही. तीन वर्षांचा गुन्हा जामीनपात्र आहे, पाच वर्षांचा नाही. हाताने काढलेलं चित्र यातून आपोआप सुटतं, असं समजणारे चित्रकार भेटतात. ते चूक आहे. ‘चित्र’, ‘रेखाटन’ हे शब्द या कलमांच्या अपवादात येतात, तेही विज्ञान, साहित्य, कला अशा लोकहिताच्या अटीवर.

म्हणजे खटला भरता आला असता आणि कदाचित जिंकताही आला असता. तो भरला गेला नाही, पत्ता अडवला गेला. खटल्यात पुरावा लागतो, बचावाचं म्हणणं ऐकावं लागतं, निकालात कारणं द्यावी लागतात. आदेशाला यातलं काही लागलं नाही.

ऑक्टोबर २००९ मध्ये कलम ६९अ आणि त्याचे नियम लागू झाले. त्यात मध्यस्थाला (मजकूर साठवणाऱ्या किंवा पोचवणाऱ्या कंपनीला) किंवा मजकूर टाकणाऱ्याला नोटीस, उत्तरासाठी किमान अठ्ठेचाळीस तास, समितीपुढे तपासणी, अशा पायऱ्या आल्या. पण गंमत नव्हे, गंभीर गोष्ट अशी, की ६९अ च्या कारणांत सार्वभौमत्व, सुरक्षा, परराष्ट्र संबंध, सार्वजनिक सुव्यवस्था आहे. सभ्यता आणि नीतिमत्ता नाही. त्या घटनेच्या कलम १९(२) मध्ये आहेत, ६९अ मध्ये नाहीत. म्हणून ३१ जुलै २०१५ रोजी दूरसंचार विभागाने ८५७ संकेतस्थळं अडवायला सांगितली, तेव्हा आधार घेतला कलम ७९(३)(ब) चा. सरकारने कळवूनही मजकूर न अडवणाऱ्या मध्यस्थाचं कायदेशीर संरक्षण काढून घेणारं हे कलम. या कलमाच्या वाटेने गेलं की ६९अ च्या नोटीस-समितीच्या पायऱ्या पुन्हा गळतात. त्या यादीत साधी विनोदाची पानंही सापडली आणि चार-पाच दिवसांत आदेश सैल करावा लागला.

घर

आता नात्याकडे. मराठीत थोरली वहिनी आईच्या जागी. सीतेचे बाजूबंद आणि कुंडलं मला ओळखता येत नाहीत, रोज पाया पडत असल्याने पैंजण तेवढे ओळखतो, असं म्हणणारा लक्ष्मण हा या नात्याचा आदर्श. पण आदर्श जिथे एवढा उंच उभारला जातो, तिथे खाली काही तरी सांभाळायचं असतं. दोन हजार वर्षांपूर्वीच्या महाराष्ट्राची घरं ज्यात दिसतात त्या गाथासप्तशतीत एक गाथा आहे. दिराच्या मनात पाप आहे हे ओळखून कुलवधू त्याला दिवसभर घराच्या भिंतीवरची चित्रं दाखवत राहते, रामामागून जाणाऱ्या लक्ष्मणाची. ओरडत नाही, कुणाला सांगत नाही, घर मोडत नाही. ओळीने काढलेल्या चित्रांतून समजावते. एकत्र कुटुंबातला ताण आणि त्यावरचा बाईचा शहाणपणा, दोन्ही त्या दोन ओळींत आहेत. ‘आपल्या संस्कृतीत असं काही नव्हतंच’ असं म्हणणाऱ्याने ही गाथा वाचावी.

२००९ चं घर मात्र वाड्यातलं नव्हतं. कॉमिक्सच्या पहिल्याच भागात फ्लॅटच्या दारावर एक विक्रेता येतो. नवरा ऑफिसात, दुपार रिकामी. दीर, जाऊ, शेजारीण यांची नजर असलेलं घर जाऊन बंद दाराचं घर आलं होतं, आणि या दारामागे बाई एकटी काय करते या धास्तीवरच ती गोष्ट उभी होती. परदेशी चित्रफितीतली बाई कुणाचीच कुणी नव्हती. ही मात्र ओळखीच्या साडीत होती, हाक मारायच्या शब्दाने ओळखली जात होती. म्हणून ती टोचली.

तिची बाजू घेणाऱ्यांनी तिला मुक्त स्त्रीचं प्रतीक केलं, ते आम्हाला पटत नाही. तिची इच्छा पुरुषांनी, पुरुषांसाठी रेखाटलेली आहे. नुकसानही झालं, आणि ते खऱ्या बायकांचं झालं : ‘भाभी’ ही साधी आदराची हाक चावट शोधशब्द बनली आणि रस्त्यावर टोमणा म्हणून वापरली जाऊ लागली. त्याची भरपाई कुठल्याही बंदीने झाली नाही. उलट, बंदीच्या बातमीने हे नाव वर्तमानपत्र वाचणाऱ्या प्रत्येक घरात पोचवलं.

पण एका मुद्द्यावर तिच्या विरोधकांनाही उत्तर द्यावं लागेल. त्या वेळी भारतीय दंड संहितेचं कलम ४९७ जिवंत होतं. विवाहित बाईशी तिच्या नवऱ्याच्या संमतीविना संबंध ठेवणाऱ्या पुरुषाला त्यात शिक्षा होती. बाईला नव्हती, कारण तिची इच्छा कायद्याने मोजलीच नव्हती. नवऱ्याची संमती मोजली होती. २७ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हे कलम घटनाबाह्य ठरवलं. त्याच दिवशी, त्याच गुरुवारी, उत्तराखंड उच्च न्यायालयाने अश्लील संकेतस्थळं अडवण्याबाबत कडक निर्देश दिले, आणि पुढे ८२७ संकेतस्थळं अडवण्याचा आदेश निघाला. एका न्यायालयात विवाहाच्या आतल्या बाईला स्वतःची इच्छा असलेली व्यक्ती म्हणून मान्यता मिळते, दुसऱ्यात पडद्यावरच्या देहाला दार लावलं जातं. भारतीय कुटुंब कसं बदलतंय हे सांगायला त्या एका तारखेइतका नेमका पुरावा आम्हाला दुसरा सापडला नाही.

मधल्या काळात चार भिंतींचा अर्थही बदलला. जुलै २०१५ मध्ये अशी संकेतस्थळं सरसकट बंद करण्याची मागणी सुनावणीला आली, तेव्हा प्रौढ माणसाला स्वतःच्या खोलीत पाहण्यापासून कसं अडवणार, अशी विचारणा सरन्यायाधीशांनी केली होती. २०२३ मध्ये केरळ उच्च न्यायालयाने खाजगीत पाहणं हा २९२ चा गुन्हा नाही असं ठरवलं. २००९ मध्ये घरात एकच संगणक, तोही बाहेरच्या खोलीत. आज प्रत्येकाच्या उशाशी फोन.

आज हे प्रकरण कुणाला लागू पडतं

मराठीत प्रौढांसाठी चित्रमालिका काढणाऱ्याने सर्वांत आधी पात्रांची वयं पक्की करावीत, आणि ती मजकुरात व चित्रात दोन्हीकडे दिसावीत. कलम ६७ब मुलांच्या लैंगिक चित्रणाविरुद्ध आहे आणि त्यात नुसत्या निर्माण केलेल्या डिजिटल प्रतिमाही येतात. शाळेचा गणवेश, दोन वेण्या, ‘बारावीतली’ असा उल्लेख, यांपैकी काहीही लैंगिक प्रसंगाजवळ येता कामा नये. इथे कलेची सबब चालणार नाही आणि चालूही नये. दुसरं, ओळखीच्या माणसाचा चेहरा उचलू नये. तिसरं, कथेची मांडणी, मसुदे, कच्ची रेखाटनं तारखेसह जपून ठेवावीत. मजकूर ‘आख्खा’ पाहायचा असतो, तर आख्खं काय होतं हे दाखवायला तीच उपयोगी पडतात. वाचकाला आत येण्याआधी वय विचारणारं पान ठेवावं. त्याने गुन्हा पुसला जात नाही, पण हेतू दिसतो.

पालकांचं काम वेगळं आहे. घरच्या राऊटरवर प्रौढ मजकूर गाळणारा डीएनएस भरायला दहा मिनिटं लागतात, १.१.१.३ हा त्यातला एक फुकटचा. चूक इथे होते : मूल वायफाय बंद करून मोबाइल डेटावर गेलं की राऊटरचा पहारा संपतो. म्हणून अँड्रॉइड फोनच्या ‘प्रायव्हेट डीएनएस’ सेटिंगमध्येही तीच सेवा भरावी लागते, मात्र तिथे अंक चालत नाहीत, नाव लागतं (१.१.१.३ साठी family.cloudflare-dns.com). एवढं करूनही पीडीएफ मित्राकडून व्हॉट्सॲपवर येतेच, आणि ती आली की काय बोलायचं हे घरात आधी ठरलेलं असावं लागतं. मुलगा तेरा वर्षांचा असेल तर फोन काढून घेण्याआधी त्याला एवढंच विचारावं : या चित्रातल्या बाईला कुणी काही विचारलंय का?